केसपेपरवर ‘ओसीए’ लिहिलंय, म्हणजे नक्की काय?

वारणाकाठ

जत, आटपाडी, माण, खटाव या भागातून हा प्रश्न वरचेवर येतो, म्हणून वेगळा धागा काढतोय. बाळाचे केस जन्मतः पांढरे किंवा पिवळसर, कातडी गुलाबट गोरी, आणि दोन-तीन महिन्यांचं झालं की त्याची नजर एका जागी ठरत नाही हे आईच्या लक्षात येतं. मग साताऱ्याला किंवा मिरजेला दाखवतात. कागदावर चार-पाच आद्याक्षरं येतात, ‘चष्मा वापरा, ऊन टाळा’ एवढं सांगितलं जातं आणि माणसं तो कागद घडी घालून कपाटात ठेवतात. तो कागद नीट वाचता यावा यासाठी हे लिहितोय.

ओसीए म्हणजे ऑक्युलोक्युटेनियस अ‍ॅल्बिनिझम, म्हणजे डोळे आणि त्वचा-केस अशा दोन्हीकडची वर्णहीनता. नुसतं ‘ओए’ लिहिलं असेल तर परिणाम मुख्यतः डोळ्यांपुरता असतो. त्याचं जनुक एक्स गुणसूत्रावर असल्याने तो प्रकार बहुतेक मुलग्यांत दिसतो, आणि केस-कातडी घरातल्या इतरांसारखीच असल्याने तो उशिरा ओळखू येतो.

पुढचे शब्द. निस्टॅगमस म्हणजे डोळ्यांची आपोआप होणारी, बहुधा आडवी हालचाल. टीआयडी म्हणजे बुबुळाच्या पडद्यात रंग नसल्याने मागून आलेला प्रकाश त्यातून आरपार दिसणं. फोव्हियल हायपोप्लासिया म्हणजे डोळ्याच्या मागच्या पडद्याच्या (रेटिनाच्या) मधोमध बारीक दिसण्याची जी जागा असते ती पूर्ण न घडणं. फोटोफोबिया म्हणजे उजेड सहन न होणं. बीसीव्हीए म्हणजे योग्य नंबरचा चष्मा लावून दिसणारी जास्तीत जास्त नजर. कागदावरचा सगळ्यात कामाचा आकडा हाच आहे, आणि नेमका तोच अनेकदा लिहायचा राहतो. तो मागून लिहून घ्या.

ओसीएच्या पुढे १, २, ३, ४ असा आकडा असेल तर तो जनुकाप्रमाणे पडलेला प्रकार. टीवायआर या जनुकात बिघाड असेल तर ओसीए-१. या जनुकावरून टायरोसिनेज नावाचं विकर बनतं आणि टायरोसिनपासून मेलॅनिन, म्हणजे केस-कातडीला रंग देणारं द्रव्य, बनवण्याची पहिली पायरी तेच विकर करतं. ते अजिबात चालत नसेल तर १-ए, केस जन्मभर पांढरे. थोडंफार चालत असेल तर १-बी, केस वयाबरोबर पिवळे, मग तपकिरी होतात. केसांना रंग आला म्हणजे ‘बरं व्हायला लागलं’ असं घरचे धरून चालतात. नजर मात्र त्या प्रमाणात वाढत नाही. नुसतं बघून हा आकडा छातीठोकपणे सांगता येत नाही, त्याला जनुकतपासणी लागते. त्यामुळे कागदावर फक्त ‘ओसीए’ असेल तर ते अपुरं निदान आहे असं समजू नका.

एखाद्या कागदावर ई७०.३ असा कोड दिसेल. आयसीडी-१० या रोगवर्गीकरणात वर्णहीनता चयापचयाच्या आजारांत, टायरोसिनच्या घरात मोडते, म्हणून तो ई. त्यावरून ‘पोटाचा आजार’ समजून पथ्यपाणी सुरू करायचं कारण नाही.

माणदेशी_मातीतला

चांगला धागा. पण आमच्याकडे सरसकट ‘अंगभर कोड आहे’ असंच म्हणतात. कोडावरचंच औषध सुरू करतात. त्याचं काय?

त्वचाविषयक

माणदेशी, हा प्रश्न सगळ्यात आधी निकालात काढायला हवा, कारण इथे थेट इजा होते.

कोडात त्वचेतल्या रंग बनवणाऱ्या पेशी शरीराची स्वतःचीच प्रतिकारयंत्रणा नष्ट करते. डाग नंतर कधीतरी येतात, वाढतात, काही वेळा औषधाने भरूनही येतात. वर्णहीनतेत त्या पेशी जागेवर असतात, त्यांना रंग बनवता येत नाही, आणि हे जन्मापासून सगळीकडे सारखं असतं. कोडावरच्या उपचाराचा जुना मार्ग म्हणजे बावची किंवा त्यातलं सोरालेन लावून कातडीवर ऊन किंवा अतिनील प्रकाश घ्यायचा. सोरालेन कातडीला प्रकाशाबाबत कित्येक पटींनी हळवं करतं. कोडाच्या माणसाला ते मोजूनमापून देतात. मेलॅनिन नसलेल्या बाळाला बावचीचं तेल चोळून अंगणात बसवलं तर रंग येणं शक्यच नाही, कारण रंग बनवणारी साखळीच तुटलेली आहे. उलट भाजून फोड येतात आणि कातडीचं कायमचं नुकसान होतं. कोणी बावची दिली असेल तर आजच बंद करा.

महारोगाशी तर याचा काडीचाही संबंध नाही. जुन्या पुस्तकांतल्या ‘श्वेतकुष्ठ’ या शब्दाने फार घोळ घातलाय. संसर्ग नाही. एका ताटात जेवलं, एका वर्गात बसलं, काही होत नाही.

आणि सुनेला बोल लावण्याची पद्धत बंद व्हावी. ग्रहण पाळलं नाही, अमुक खाल्लं, तमुक बघितलं, यातलं काहीही कारण नाही. ओसीएत जनुकाची एक सदोष प्रत आईकडून आणि एक बापाकडून येते. दोघांचा वाटा अगदी सारखा.

शाळामास्तर_खटाव

वर्गात असं मूल असेल तर चष्मा लावूनही त्याला फळा दिसत नाही. पालक म्हणतात नंबर चुकलाय. तीन-तीन ठिकाणी चष्मे बनवतात. नंबर खरंच चुकतो का?

भिंगवाला_मिरज

मास्तर, नंबर बहुधा बरोबर असतो, अपेक्षा चुकीची असते. चष्मा प्रतिमा पडद्यावर नीट पाडून देतो. इथे पडद्याची मधली जागाच पुरती घडलेली नाही, शिवाय दोन्ही डोळ्यांकडून मेंदूकडे जाणाऱ्या तंतूंपैकी नेहमीपेक्षा जास्त तंतू उलट बाजूला जातात. या दोन गोष्टी चष्म्याने बदलत नाहीत. तरी चष्मा हवाच, कारण अशा डोळ्यांत सिलिंडरचा नंबर पुष्कळदा मोठा असतो. तो दिला नाही तर जे दिसू शकतं तेही दिसत नाही. लहान मुलाचा नंबर थेंब घालून, बाहुली मोठी करूनच काढावा आणि दर सहा महिन्यांनी पुन्हा पाहावा.

आता आकडा उलगडून सांगतो. ६/३६ म्हणजे जे अक्षर इतरांना ३६ मीटरवरून वाचता येतं, त्यासाठी या मुलाला ६ मीटरवर यावं लागतं. म्हणजे सहापट जवळ. मागच्या बाकावरची पोरं ६ मीटरवरून जे वाचतात, ते वाचायला याला फळ्यापासून १ मीटरवर हवं. पहिला बाकसुद्धा पुरत नाही. म्हणून त्याला उठून फळ्याजवळ जायची कायमची मुभा द्या, दरवेळी विचारायला लावू नका.

बाकाची जागा ठरवताना एक गोष्ट बघा. डोळ्यांची हालचाल एका ठरावीक दिशेला बघताना सगळ्यात कमी होते, तिला नल पॉइंट म्हणतात. मूल ती दिशा स्वतः शोधतं आणि त्यासाठी मान वळवतं. मान डावीकडे वळवून पाहत असेल तर त्याला वर्गाच्या डाव्या बाजूला बसवा. फळा उजवीकडे येतो, डोळे त्यांना सोयीच्या दिशेला जातात आणि मान सरळ राहते. ‘सरळ बघ’ म्हणून मान धरून फिरवू नका, त्याने त्याची नजर कमीच होते.

पुस्तक नाकाला लावून वाचतात, त्यालाही ओरडू नका. ४० सेंटीमीटरऐवजी १० सेंटीमीटरवर धरलं की अक्षर चौपट मोठं दिसतं, बिनपैशाचं भिंग आहे ते. डोळे त्याने बिघडत नाहीत. मान-पाठ मात्र दुखते, म्हणून उतरतं वाचनस्टँड द्या. छपाई १८ ते २४ पॉइंट, कागद चकचकीत नको, वहीच्या रेघा ठळक, पेन काळं. फळ्यासाठी एका डोळ्याला लावायची ४ पटीची छोटी दुर्बीण मिळते. वय साधारण सात-आठ झालं की मुलं ती पटकन शिकतात. आधी स्थिर वस्तू शोधणं, मग फळ्यावरची ओळ धरून चालणं, या क्रमाने शिकवा. नाहीतर पहिल्याच आठवड्यात दुर्बीण दप्तराच्या तळाला जाते. हल्ली मोबाइलने फळ्याचा फोटो काढून मोठा करून पाहता येतो. शाळेत मोबाइलला बंदी असेल तर मुख्याध्यापकांकडून लेखी परवानगी घ्या.

खिडकी मुलाच्या पाठीशी हवी, समोर नको. वर्गात हलक्या तपकिरी किंवा करड्या काचा, बाहेर गडद काचा आणि टोपी. नुसत्या काळ्या काचेने अतिनील किरण अडतातच असं नाही, चष्मा घेताना ‘यूव्ही ४००’ आहे का ते विचारा. स्वस्त काळ्या चष्म्याआड बाहुली मोठी होते आणि काच किरण अडवत नसेल तर ते जास्तच आत जातात.

येरळाकाठ

उन्हाबद्दल कोणीतरी सविस्तर लिहा. तासगाव, कवठेमहांकाळकडे द्राक्षबागेत काम केल्याशिवाय भागत नाही. ‘ऊन टाळा’ सांगून उपयोग काय?

त्वचाविषयक

बरोबर आहे. मग टाळता येत नाही तिथे काय करायचं ते सांगते.

आधी वेळ. आपली सावली आपल्या उंचीपेक्षा आखूड असेल तेव्हा अतिनील किरण तीव्र. ढोबळमानाने सकाळी १० ते दुपारी ४. मेच्या पहिल्या पंधरवड्यात सांगली-सातारा या आपल्या दोन्ही जिल्ह्यांत सूर्य भर दुपारी अगदी डोक्यावर येतो, शून्य सावलीचे दिवस ते. बागेचं म्हणाल तर मांडवाला पानोरा भरलेला असताना खाली बरी सावली असते, पण एप्रिलच्या खरड छाटणीनंतर मांडव उघडा पडतो आणि नेमकं तेव्हाच ऊन सगळ्यात कडक असतं. त्या दिवसांत अशा माणसाला पहाटेचं काम द्या, किंवा पॅकिंग, बेदाणा निवडणं असं छताखालचं. शेडनेट म्हणजे छत नव्हे. ५० टक्क्यांच्या जाळीतून अर्धा प्रकाश खाली येतो.

थंड हवेवरही जाऊ नका. महाबळेश्वर, पाचगणी, कास इथे गार वाटतं, पण दर हजार मीटर उंचीला अतिनील किरण साधारण १० टक्के वाढतात. पातळ ढगांतूनही ते येतात. सहलीला गेलेलं मूल संध्याकाळी लालबुंद होऊन येतं त्याचं कारण हे.

दुसरं, कपडे. पैसे मर्यादित असतील तर क्रीमआधी कपड्यांवर खर्च करा. पातळ पांढरा सुती सदरा घामाने ओला झाला की त्यातून किरण सहज जातात. कापड खिडकीसमोर धरून बघा. पलीकडची बोटं दिसत असतील तर ते कापड उपयोगाचं नाही. घट्ट विणीचं, गडद रंगाचं, लांब बाह्यांचं, कॉलर असलेलं घ्या. टोपी चोहोबाजूंनी ३ इंच कडा असलेली. क्रिकेटची टोपी कान आणि मानेचा मागचा भाग उघडा ठेवते, आणि कानाची कड ही कर्करोग होण्याच्या नेहमीच्या जागांपैकी एक आहे. शाळेच्या गणवेशात पूर्ण बाह्या आणि फुल पँट चालवून घ्या, परिपाठाला सावलीत उभं करा.

मग सनस्क्रीन. एसपीएफ ३० किंवा ५०, आणि पाकिटावर ‘ब्रॉड स्पेक्ट्रम’ किंवा ‘पीए’पुढे तीन अधिक चिन्हं. अतिनील किरणांचे यूव्हीए आणि यूव्हीबी असे दोन प्रकार त्वचेला लागतात. एसपीएफ हा फक्त यूव्हीबीचा आकडा, यूव्हीएसाठी दुसरी खूण पाहावी लागते. चूक होते ती प्रमाणात. चेहरा आणि मान यांना मिळून एक चहाचा चमचा, म्हणजे ५ मिली लागतं. बहुतेक जण वाटाण्याएवढं लावतात, मग ५० एसपीएफचा परिणाम फार खाली येतो. दोन्ही हात उघडे असतील तर प्रत्येकी आणखी एक चमचा. म्हणजे एका वेळेला १५ मिली, ५० मिलीची ट्यूब तीन-सव्वातीन वेळा पुरते. पूर्ण बाह्या घातल्या तर चेहरा, मान, कान आणि पंजे मिळून ७ मिलीच्या आसपास भागतं, तीच ट्यूब सात वेळा जाते. कपडे आधी का, त्याचा हिशेब हा. उन्हात जायच्या १५-२० मिनिटं आधी लावा, दर दोन तासांनी आणि घाम पुसल्यावर पुन्हा. सहा महिन्यांखालच्या बाळाला क्रीम नको, सावली आणि कपडेच. गोरं करणारी क्रीमं याच्या जागी वापरू नका.

दर महिन्याला घरच्यांनी उजेडात अंग बघावं: कानाच्या कडा, खालचा ओठ, नाक, मानेचा मागचा भाग, पंजांची पाठ. खरखरीत पापुद्रा सारखा येतोय, जखम चार आठवड्यांत भरत नाही, खपली पडून पुन्हा रक्त येतंय, असं काही दिसलं तर त्वचारोगतज्ज्ञाला लगेच दाखवा. काहीच नसेल तरी वर्षातून एकदा. मेलॅनोमा हा त्वचेचा कर्करोग यांच्यात काळा न दिसता गुलाबी असू शकतो, म्हणून ‘काळा तीळ नाही’ यावर विसंबू नका.

कराडची_वाट

यूडीआयडी कार्डाबद्दल, म्हणजे दिव्यांगांच्या ओळखपत्राबद्दल विचारायचं होतं. ‘अ‍ॅल्बिनिझम यादीत नाही’ म्हणून अर्ज परत आल्याचं ऐकू येतं.

वारणाकाठ

ताई, २०१६च्या दिव्यांग हक्क कायद्यातल्या २१ प्रकारांत अ‍ॅल्बिनिझम हा वेगळा प्रकार नाही, हे खरं आहे. टक्केवारी मिळते ती नजरेची. अर्जात प्रकार निवडताना ‘लो व्हिजन’, अल्पदृष्टी निवडायचं. ‘ओसीए’ हे त्यामागचं कारण म्हणून निदानाच्या रकान्यात यायला हवं. त्वचेसाठी वेगळे टक्के नाहीत.

तक्ता असा चालतो: चष्मा लावून दोन्ही डोळे ६/२४ ते ६/६० या पट्ट्यात असतील तर ४० टक्के. एक त्या पट्ट्यात आणि दुसरा ६/६०च्या खाली ३/६० पर्यंत असेल तर ५०. दोन्ही ६/६०च्या खाली ३/६० पर्यंत असतील तर ७०. बहुतेक सवलतींची किमान अट ४०ची आहे. म्हणजे ६/१८ आणि ६/२४ या एका ओळीत सगळा फरक पडतो.

म्हणूनच तपासणी कशी होते हे महत्त्वाचं. नेहमीचा चष्मा बरोबर न्या, बिनचष्म्याची नजर धरत नाहीत. आणि निस्टॅगमस असलेल्या डोळ्यांत एक डोळा हाताने झाकला की उघड्या डोळ्याची हालचाल वाढते, नजर खोटी कमी येते. भिंगवाला, हे तुम्ही नीट सांगाल.

भिंगवाला_मिरज

हो. झाकण्याऐवजी दुसऱ्या डोळ्यासमोर जाड प्लस भिंग धरून तो धूसर करतात, त्याला फॉगिंग म्हणतात. दोन्ही डोळे उघडे ठेवून घेतलेली नजरही वेगळी नोंदवावी. मान वळवून पाहू द्यावं. हे तीन मुद्दे तपासणाऱ्याला आधीच नम्रपणे सांगितले तर बहुतेक जण ऐकतात. फार लहान मुलाला तक्ता वाचता येत नाही, त्यामुळे तेव्हा तात्पुरतं प्रमाणपत्र मिळू शकतं. मुदत संपण्याआधी फेरतपासणी करून घ्या.

वारणाकाठ

अर्ज स्वावलंबन पोर्टलवर ऑनलाइन: आधार, फोटो, पत्त्याचा पुरावा, जुने केसपेपर. रुग्णालय पोर्टलवर निवडायचं. सातारकरांना क्रांतिसिंह नाना पाटील रुग्णालय, सांगलीकरांना सांगलीचं पद्मभूषण वसंतदादा पाटील रुग्णालय किंवा मिरजेचं शासकीय रुग्णालय, यांपैकी यादीत जे दिसेल ते.

दहावी-बारावीला आपले दोन्ही जिल्हे कोल्हापूर विभागीय मंडळात. अर्ज शाळेमार्फत जातो. जादा वेळ तासाला किमान २० मिनिटं, म्हणजे तीन तासांच्या पेपरला एक तास. लेखनिक हवाच असं नाही. पुष्कळ मुलांना स्वतः लिहायचं असतं, त्यांना मोठ्या अक्षरातली प्रश्नपत्रिका आणि जादा वेळ पुरतो. काय हवं ते मुलाला विचारून मगच अर्जात लिहा.

माणदेशी_मातीतला

अजून एक. मामाच्या मुलीशी लग्न ठरवताना ‘आता पिढी बदलली, काही होत नाही’ म्हणतात. हिशेब मांडता येईल का?

वारणाकाठ

येतो. वर्णहीनता असलेल्या मुलाच्या दोन्ही प्रती सदोष, म्हणून त्याची आई नक्की वाहक, म्हणजे एक सदोष प्रत बाळगणारी पण स्वतः धडधाकट. तिचा भाऊ वाहक असण्याची शक्यता १/२, त्या मामाची मुलगी वाहक असण्याची १/४. त्या मुलाने मामाच्या मुलीशी लग्न केलं तर प्रत्येक बाळाला वर्णहीनता असण्याची शक्यता १/४ गुणिले १/२, म्हणजे आठात एक. नात्याबाहेर केलं तर? जगभरात साधारण २०,००० जणांत एक असं प्रमाण धरलं तर वाहक सुमारे ७० जणांत एक निघतो. १/७० गुणिले १/२, म्हणजे १४० बाळांत एक. आठात एक आणि एकशेचाळिसात एक, हा फरक आहे.

त्याच्या धडधाकट बहीण-भावांचंही बघा. ते वाहक असण्याची शक्यता २/३. त्यांनी मामाच्या मुला-मुलीशी केलं तर २/३ गुणिले १/४ गुणिले १/४, चोविसात एक. आणि ज्या जोडप्याला असं एक मूल झालंय त्यांना पुढच्या प्रत्येक खेपेला चारात एक. ‘एकाला झालं, आता पुढचं सुटलं’ असं नसतं.

जनुकतपासणी करायचीच असेल तर आधी बाधित मुलाची, मग आईवडिलांची. उलट क्रमाने केली तर काय शोधायचं तेच माहीत नसतं आणि पैसे वाया जातात.

येरळाकाठ

थोडं अवांतर: पांढरा कावळा दिसला की पेपरवाले ‘अल्बिनो’ छापतात. तोही हाच प्रकार का?

भिंगवाला_मिरज

डोळे बघायचे. गुलाबी-लाल असतील तर वर्णहीनता, काळे असतील तर बहुधा ल्युसिझम, म्हणजे अंगाचा रंग जातो पण डोळ्यांचा राहतो. पांढरा मोर, पांढरा वाघ हे वर्णहीन नव्हेत. वाघाच्या अंगावर पट्टे शिल्लक असतात. गंमत म्हणजे पांढऱ्या वाघातला बदल एसएलसी४५ए२ या जनुकातला आहे, आणि माणसात त्याच जनुकाच्या बिघाडाने ओसीए-४ होतो. माणसांचे डोळे मात्र सिनेमात दाखवतात तसे लाल नसतात, आपल्याकडे बहुधा निळसर, करडे किंवा फिकट तपकिरी दिसतात. डोळे लाल नाहीत म्हणून निदान नाकारू नका.

त्वचाविषयक

शेवटचा एक मुद्दा कोणी लिहिला नाही म्हणून लिहिते. केस-कातडी वर्णहीन आणि त्याबरोबर सहज काळेनिळे डाग पडणं, नाकातून वारंवार रक्त, हिरड्यांतून रक्त, मुलींत पाळीला फार रक्तस्राव, असं असेल तर हर्मन्स्की-पुडलॅक सिंड्रोमचा विचार व्हायला हवा. दुर्मीळ आहे, पण चुकलं तर महागात पडतं. यात प्लेटलेटची संख्या नेहमीच्या रक्ततपासणीत व्यवस्थित येते, दोष त्यांच्या आतल्या कणांत असतो. त्यामुळे ‘सीबीसी नॉर्मल आहे’ यावर थांबू नका, प्लेटलेटच्या कार्याची तपासणी मागा. आणि वारंवार न्यूमोनिया, पू होणं, केसांना चांदीसारखी झाक असेल तर शेडियाक-हिगाशी या दुसऱ्या आजारासाठी रक्ताची काचपट्टी बघायला सांगा, पांढऱ्या पेशींत मोठे मोठे कण दिसतात.

दात काढणं, टॉन्सिल, तिरळेपणाची शस्त्रक्रिया, बाळंतपण यांतलं काहीही ठरलं की डॉक्टरांना ‘ओसीए आहे, रक्तस्रावाचा त्रास आहे’ किंवा ‘नाही’ हे आधी सांगा. असा त्रास असेल तर तपासणी होईपर्यंत अ‍ॅस्पिरिन आणि आयब्युप्रोफेन देऊ नका, तापाला पॅरासिटामॉल चालतं.